चॅम्पियन नावाचा मुलूख

चॅम्पियन म्हटलं की आज डोळ्यांपुढे करंडक उंचावणारा खेळाडू उभा राहतो. साडेचारशे वर्षांपूर्वीच्या इंग्रज शेतकऱ्यापुढे या शब्दाने शिवार उभं राहायचं. उघडं, हलक्या चढउताराचं, झाडी तुरळक, कुंपण कुठेच नाही आणि मधोमध एकमेकांना चिकटून बसलेली गावाची घरं. अशा प्रदेशाला तो 'चॅम्पियन कंट्री' म्हणे, अशा जमिनीला 'चॅम्पियन ग्राउंड'. प्रवासवर्णनांत आणि शेतीच्या पुस्तकांत हे विशेषण सहज येई. पुढे ते वापरातून गेलं. ते का गेलं याचा माग काढू लागलं की इंग्लंडच्या खेड्यांचा असा एक इतिहास हाती लागतो, जो आपल्याकडे फारसा कुणी सांगितलेला नाही.

शब्दाचं मूळ लॅटिन 'कॅम्पस', म्हणजे मैदान. त्यावरून 'कॅम्पानिया' म्हणजे मोकळा सपाट मुलूख, आणि तिथून जुन्या फ्रेंचच्या वाटेने तो इंग्लंडात आला. फ्रान्सचा शँपेन प्रांत आणि इटलीचा कांपानिया याच घराण्यातले. मैदानात उतरून लढणारा चॅम्पियनही 'कॅम्पस'चाच, पण वेगळ्या शाखेचा. जमिनीच्या शब्दाचं स्पेलिंग मात्र कधी पक्कं झालं नाही. 'चॅम्पेन' आणि 'चॅम्पियन' अशी दोन्ही रूपं चालली. १६११ च्या किंग जेम्स बायबलात गिलगालसमोरच्या मैदानाला पहिलं रूप आहे. १६६७ च्या 'पॅराडाइज लॉस्ट'मध्ये मिल्टनने नंदनवनाच्या मोकळ्या माथ्याला तेच विशेषण लावलं. १७०० च्या आसपास घोड्यावरून इंग्लंड पालथं घालणारी सीलिया फाइन्स आपल्या टिपणांत दुसरं रूप लिहिते.

या विशेषणाला नेहमी एक जोडीदार असे: 'वुडलँड', म्हणजे झाडीचा मुलूख. विल्यम हॅरिसन या धर्मोपदेशकाने होलिनशेडच्या बखरीला जोडलेल्या इंग्लंडच्या वर्णनात देशाची जमीन याच दोन भागांत वाटली आहे. चॅम्पियन भागात घरं गल्ल्या-रस्त्यांच्या कडेने एकत्र. झाडीच्या भागात ती विखुरलेली, ज्याचं घर त्याच्या शेतात. आजचे अभ्यासकही थोड्याफार फरकाने हीच रेषा काढतात. डॉर्सेटपासून मिडलँड्समधून वर नॉर्थंबरलंडपर्यंत गेलेला रुंद पट्टा चॅम्पियनचा, त्याच्या दोन्ही अंगांना झाडीचे प्रदेश. ऑलिव्हर रॅकहॅमने १९८६ च्या आपल्या ग्रंथात या दोन इंग्लंडांना वेगळी नावं दिली, पण हॅरिसनला दिसलेला भेद त्यालाही दिसला.

चॅम्पियन गावचं शिवार दोन किंवा तीन प्रचंड मोकळ्या वावरांत वाटलेलं असे. एकात शरदात पेरलेला गहू किंवा राय, दुसऱ्यात वसंतात पेरलेलं बार्ली, वाटाणा, घेवडा, तिसरं पडीक. पुढच्या वर्षी क्रम एकेक घर सरकायचा. प्रत्येक शेतकऱ्याच्या वाट्याला लांबट अरुंद पट्ट्या येत, आणि त्या एका ठिकाणी नसत. पाच पट्ट्या गव्हाच्या वावरात, सहा बार्लीच्या, चार पडिकात, अशा विखुरलेल्या. चांगली जमीन आणि पाणथळ जमीन सगळ्यांच्या वाट्याला थोडी थोडी. दोन पट्ट्यांमध्ये बांध नाही, फक्त एक सरी. कापणी झाली की सगळं वावर गावच्या गुरांना खुलं. त्याआधी गरीब बायकामुलांनी सरवा वेचून घ्यायचा. कधी पेरायचं, गुरं कधी सोडायची, हे कुणाला एकट्याने ठरवता येत नसे. शेजाऱ्याचा गहू उभा असताना तुमची मेंढरं आत शिरली तर ती कोंडवाड्यात जात आणि तुम्हाला गावच्या कोर्टात दंड होई.

या पट्टीची मापं आपण आजही वापरतो. फर्लांग म्हणजे नांगराच्या एका तासाची लांबी, २२० यार्ड. बैलांनी एका दमात ओढायचं अंतर, असं त्याचं स्पष्टीकरण परंपरेने देतात. रुंदी २२ यार्ड. त्यांचा गुणाकार ४,८४० चौरस यार्ड, म्हणजे एकर, एका दिवसाची नांगरट. एडमंड गुंटरने १६२० मध्ये मोजणीची साखळी केली ती २२ यार्डांची. मुंबई इलाख्यात इंग्रजी अमलात जमीन मोजली गेली ती याच एकरात. गुंठा ३३ फूट लांब-रुंद, म्हणजे गुंटरच्या अर्ध्या साखळीचा चौरस, आणि असे ४० मिळून एक एकर. मिडलँड्समधल्या बैलांच्या दमाचं माप आपल्या वाटणीपत्रांत असं येऊन बसलं आहे. क्रिकेटची खेळपट्टीही २२ यार्डांचीच, १७४४ च्या नियमांपासून.

क्रिकेटचा विषय निघालाच आहे तर जॉन ऑब्रीकडे वळायला हवं. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात विल्टशरच्या निसर्गाचा इतिहास लिहिताना त्याने जिल्ह्यातल्या माणसांचे स्वभाव मातीवर बसवले. उत्तरेच्या ओल्या, दुभत्या, चीज करणाऱ्या भागातली माणसं विचार करत बसणारी, खिन्न, कोर्टकचेऱ्यांची हौस असलेली. दक्षिणेच्या खडूच्या उघड्या माळावरचे नांगरणारे दिवसभर राबून इतके थकलेले, की धर्माच्या वादांना त्यांच्यापाशी वेळच नाही. इतिहासकार डेव्हिड अंडरडाउनने १९८५ मध्ये हा धागा उचलून इंग्लंडच्या यादवी युद्धात कोण राजाच्या, कोण पार्लमेंटच्या बाजूने गेला इथपर्यंत नेला. त्याला गावच्या खेळांतही हीच फाळणी दिसली: नांगराच्या माळावर गावागावांचा धसमुसळा फुटबॉल, चीजच्या मुलखात चेंडू-फळीचे खेळ, ज्यांत शेवटी प्रत्येक जण एकटा खेळतो. जॉन मॉरिल आणि इतरांनी या मांडणीवर कडक टीका केली. युद्धातली निष्ठा मातीवरून ठरते हे मलाही पटत नाही. पण बारा महिने शेजाऱ्याच्या संमतीने नांगर चालवणारा माणूस आणि कुंपणाआड स्वतःच्या मर्जीने राबणारा माणूस एकसारखे घडतील, हेही पटत नाही.

कुंपणाच्या बाजूने पहिला मोठा आवाज थॉमस टसरचा. हा मूळचा सेंट पॉल्स कॅथेड्रलचा गायक. पुढे सफोकमध्ये शेती केली आणि शेतीचे सल्ले पद्यात लिहिले. १५५७ चं शंभर सूचनांचं छोटं पुस्तक १५७३ पर्यंत पाचशे सूचनांचं झालं आणि अतिशय खपलं. त्यात 'चॅम्पियन' विरुद्ध 'सेव्हरल', म्हणजे उघडी सामाईक शेती आणि कुंपणातली स्वतंत्र शेती, अशी तुलनाच आहे. टसरचा कौल कुंपणाला. उघड्या शेतीत भांडणं, चोऱ्या, दुसऱ्याच्या गुरांनी तुडवलेलं पीक, कुंपणात समृद्धी. पुढच्या दोन शतकांतल्या सुधारकांनी हाच युक्तिवाद आकडे लावून केला, इतका की तो खराच आहे असं सगळे धरून चालले. रॉबर्ट ॲलनने १९९२ मध्ये दक्षिण मिडलँड्सच्या नोंदी तपासून उलट बाजू मांडली: उत्पादनातली मोठी वाढ सतराव्या शतकात, उघड्या शिवारांतल्या छोट्या शेतकऱ्यांनी आधीच साधली होती, कुंपणाने मुख्यतः जमीनदाराचा खंड वाढवला. मला ॲलनची बाजू अधिक पटते, कारण ज्यांच्या जमिनी गेल्या ते सुरुवातीपासून हेच सांगत होते.

हे सगळं एका जागी पाहायचं तर वॉरिकशरला जावं. एव्हन नदी या परगण्याचे दोन तुकडे करते: उत्तरेला आर्डन, झाडीचा, दक्षिणेला फेल्डन, उघड्या शिवारांचा. त्या सीमेवर स्ट्रॅटफर्ड. शेक्सपिअरच्या आईचं माहेरचं आडनावच आर्डन. त्याच्या 'किंग लिअर'मध्ये म्हातारा राजा नकाशा पसरून राज्य वाटतो, तेव्हा पहिल्या मुलीला तो जे जे देतो त्यात वनांपाठोपाठ 'चॅम्पेन' आहेत. हा शब्द १६०८ च्या पहिल्या छापील प्रतीत नाही. १६२३ च्या फोलिओत, म्हणजे नाटकांच्या एकत्रित छापील ग्रंथात, आहे. नाटक राजवाड्यात झालं २६ डिसेंबर १६०६ ला, आणि काही महिन्यांतच ही उघडी शिवारं पेटली.

१६०७ च्या वसंतात नॉर्थम्प्टनशर, वॉरिकशर आणि लेस्टरशरमध्ये हजारो लोक कुदळी-फावडी घेऊन निघाले. मेंढरांसाठी शिवारं बंद करणारी कुंपणं त्यांनी उपटली, चर बुजवले. त्यांचा पुढारी जॉन रेनल्ड्स, कल्हईवाला, 'कॅप्टन पाउच' या नावाने ओळखला जाई. सगळ्यांचं रक्षण करील असं काहीतरी आपल्या बटव्यात आहे, असं तो सांगे. पकडल्यावर बटवा उघडला तर त्यात हिरव्या चीजचा तुकडा निघाला. त्याला देहदंड झाला. ८ जूनला न्यूटन इथे जमीनदारांच्या माणसांनी जमावावर हल्ला केला. चाळीसहून अधिक माणसं मारली गेली. 'लेव्हलर' आणि 'डिगर' ही नावं यादवी युद्धाच्या काळात गाजली, पण ती प्रथम या लोकांना लागली होती.

सात वर्षांनी हे लोण शेक्सपिअरच्या दारात आलं. स्ट्रॅटफर्डजवळ वेल्कम इथली शिवारं, एव्हनच्या उत्तरेला असूनही, उघडीच होती. विल्यम कूम या जमीनदाराला ती बंद करायची होती. शेक्सपिअरने १६०५ मध्ये तिथल्या दशमांश कराचा हिस्सा ४४० पौंडांना घेतला होता. नांगरट जाऊन कुरण झालं तर ते उत्पन्न घटणार. २८ ऑक्टोबर १६१४ ला त्याने कूमच्या बाजूच्या माणसाकडून नुकसानभरपाईचा करार लिहून घेतला. नगरपालिका मात्र विरोधात उभी राहिली. त्याच उन्हाळ्यात आगीने गावाची पन्नासहून अधिक घरं गेली होती, गरिबांची संख्या मोठी होती. जानेवारी १६१५ मध्ये कूमच्या माणसांनी चर खणले. नगरपालिकेचे दोन सदस्य फावडी घेऊन ते बुजवायला गेले, तर त्यांना जमिनीवर पाडलं आणि कूम घोड्यावर बसून हसत राहिला. दुसऱ्या दिवशी स्ट्रॅटफर्ड आणि बिशप्टनच्या बायका-मुलं गेली आणि त्यांनी चर बुजवून टाकले. पुढे सरन्यायाधीश एडवर्ड कोकने कूमला मनाई केली.

शेक्सपिअर कुणाच्या बाजूचा? नगरपालिकेचा कारकून थॉमस ग्रीन याच्या रोजनिशीत एक ओळ आहे: वेल्कमचं कुंपण सहन होत नाही, असं शेक्सपिअर कुणापाशी तरी बोलल्याची. ते 'मला' सहन होत नाही की 'त्याला', हे अक्षरावरून लागत नाही, आणि त्यावर शंभराहून अधिक वर्षं वाद चालू आहे. करार पाहता त्याने स्वतःपुरती सोय करून घेतली आणि गप्प राहिला, असं म्हणावं लागतं. त्याच्यावर प्रेम असणाऱ्यांना ते टोचतं, मलाही टोचतं. चर बुजवणाऱ्या त्या बायकांपैकी एकीचंही नाव आपल्याला माहीत नाही.

बंडाने कुंपणं थांबली नाहीत. अठराव्या शतकात जमीनदारांनी पार्लमेंटचाच रस्ता धरला. १६०४ ते १९१४ या काळात ५,२०० हून अधिक कायदे झाले, सुमारे ६८ लाख एकर जमीन त्यांत आली. इंग्लंडच्या एक पंचमांशाहून थोडी अधिक. मोजणीदार आले, पट्ट्या पुसल्या, सरळ रेषा आखल्या, कडेने हॉथॉर्नची रोपं लावली. मिडलँड्समधली हिरव्या कुंपणांची जी चौकोनी शेतं आज अनादि इंग्लिश खेडं म्हणून कॅलेंडरांवर छापतात, ती बरीचशी या काळातली. हेल्पस्टनचा शेतमजूर कवी जॉन क्लेअर सोळा वर्षांचा असावा, तेव्हा १८०९ मध्ये त्याच्या गावाचा कायदा झाला. ज्या कुंपणांचं दुःख त्याने आयुष्यभर लिहिलं ती घालणाऱ्या टोळ्यांमध्ये मजुरीसाठी त्याला काम करावं लागलं. शिवारं मोडली तशी त्यांना लावायच्या विशेषणाची गरज सरली. आता ते इतिहासकारांच्या लिखाणात तेवढं उरलं आहे.

शिवाराच्या खुणा मात्र राहिल्या. आठ बैलांचं औत फार लांब. शेवटाला वळवायला आधीपासून कल द्यावा लागे, म्हणून जुन्या वरंब्यांना उलट्या 'एस'सारखा बाक आहे. लेस्टरशर-नॉर्थम्प्टनशरच्या कुरणांत तिरप्या उन्हात तो अजून दिसतो. दुसऱ्या महायुद्धात आणि नंतर ट्रॅक्टरखाली त्यातलं पुष्कळसं गेलं.

एका गावात शेतीही उरली आहे. नॉटिंगहॅमशरमधलं लॅक्स्टन. मार्क पिअर्सने १६३५ मध्ये काढलेला त्याचा पट्टी-पट्टीचा नकाशा ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात आहे. वेस्ट फील्ड, साउथ फील्ड, मिल फील्ड ही तीन वावरं आजही फिरत्या क्रमाने कसली जातात. पट्ट्या पूर्वीपेक्षा कमी आणि रुंद. नोव्हेंबरच्या अखेरीस शेतकऱ्यांची ज्युरी नव्याने गहू पेरलेल्या वावरात जाते. पट्ट्यांच्या टोकांना हद्दीच्या खुंट्या ठोकते. कुणाचा नांगर गवताच्या सामाईक पट्टीत किंवा वाटेत शिरला आहे का ते पाहते. आपल्याकडच्या बांध कोरण्याचाच तो भाऊबंद. आठवड्याभराने डव्हकोट इन या गावच्या खाणावळीत कोर्ट लीट, म्हणजे गावचं जुनं कोर्ट, भरतं आणि हद्द ओलांडणाऱ्याला दंड सांगितला जातो. गवताच्या त्या पट्ट्या सामाईक असल्याने त्यांवरच्या गवताचा दर वर्षी लिलाव होतो.

गावाची मालकी अर्ल मॅनव्हर्सच्या घराण्याकडून १९५२ मध्ये कृषी मंत्रालयाकडे आणि १९८१ मध्ये राजसत्तेच्या जमिनी सांभाळणाऱ्या क्राउन इस्टेटकडे गेली. क्राउन इस्टेटने ते विकायला काढल्यावर सामाईक शेतीचं काय होणार, ही चिंता गावाबाहेरही उमटली. २०२० मध्ये त्याच जुन्या घराण्याच्या थोर्झबी इस्टेटने ते घेतलं. ज्युरीची फेरी, कोर्ट आणि तीन वावरांचा क्रम विक्रीनंतरही चालू राहिले: एकात गहू, दुसऱ्यात वसंतातलं पीक, तिसरं पडीक.