पगार शिपायाचा, खेळ जादूगाराचा

दोन ऑलिंपिक सुवर्णपदकं गाठीशी, जगभर नाव, आणि हातात पगार सैन्यातल्या खालच्या हुद्द्याचा. १९३३ साली झाशीच्या हॉकीपटू ध्यानचंदची अवस्था ही अशी होती. मग हा माणूस धंदेवाईक खेळाडू होता की नव्हता?

हा प्रश्न त्याच्या आधीपासूनच जगभर धुमसत होता. इंग्लंडच्या उत्तरेकडे खाणीत आणि गिरणीत राबणारे रग्बीपटू सामन्यासाठी खाडा करत, की पगार कापला! तो भरून द्या, अशी मागणी झाली, ती फेटाळली गेली आणि १८९५ मध्ये हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात क्लबांनी वेगळी चूल मांडली. त्यातूनच रग्बी लीग जन्माला आली. म्हणजे बुडालेल्या रोजंदारीपायी एक अख्खा खेळ दुभंगला!

आपल्याकडे काय झालं? तेव्हा ऑलिंपिकमध्ये पैसे घेऊन खेळणाऱ्याला मज्जाव होता. मग पोट कसं भरायचं? उत्तर होतं पलटणीत. ध्यानचंदचे वडील सैन्यात, सरकारकडून घरासाठी जमीन मिळाली ती झाशीत. मुलाला आवड कुस्तीची! १९२२ मध्ये तो शिपाई म्हणून भरती झाला आणि तिथे सुभेदार मेजर बाले तिवारींनी त्याच्या हाती हॉकी दिली. १९२६ च्या न्यूझीलंड दौऱ्यात भारतीय सैन्याच्या संघानं २१ पैकी १८ सामने जिंकले. बक्षीस? लान्स नाईकची फीत. गोल करा, बढती घ्या. पुढे हाच शिपाई १९५६ मध्ये मेजर म्हणून निवृत्त झाला. हा व्यवसाय नव्हे तर काय? फक्त पगारपत्रकावर खेळाचं नाव नव्हतं, एवढंच.

आता गोलांचं बघा. तेव्हाचा ऑफसाइडचा नियम भलताच कडक: चेंडू पुढे दिला जातो त्या क्षणी तुमच्या आणि गोलरेषेच्या मध्ये प्रतिस्पर्ध्यांचे किमान तीन खेळाडू हवेत. आजच्या फॉरवर्डला घाम फुटेल! त्याही काळात १९२८ च्या ॲमस्टरडॅममध्ये या माणसानं ५ सामन्यांत १४ गोल केले, आणि भारतावर एकही झाला नाही. गंमत म्हणजे हाच संघ बोटीत बसण्याआधी मुंबईच्या संघाकडून ३–२ असा हरला होता. निरोपाला जेमतेम तीन माणसं आली! परतल्यावर त्याच मुंबईत रीघ लागली. आपण मुंबईकर हे असेच.

चेंडू स्टिकला चिकटतो, असं लोक म्हणत. मला मात्र त्याची खरी करामत चेंडू सोडण्यात दिसते. बेटन चषक, १९३३, कलकत्ता. समोर कलकत्ता कस्टम्सचा तगडा संघ. इकडे ध्यानचंदच्या 'झाशी हीरोज'ची बरीचशी कोवळी पोरं, धाकटा भाऊ रूपसिंग, आणि मुंबईच्या जी.आय.पी. रेल्वेकडून खेळणारा इस्माईल. पलटणीसारखीच रेल्वेही खेळाडू पोसायची. कस्टम्सचे हल्ल्यावर हल्ले चाललेले. अशात ध्यानचंदला मैदानाच्या मध्यावरून बचावात एक फट दिसली. फट! अशी जागा सुईतल्या भोकासारखी असते: आहे हे कळतं, दोरा ओवणारा विरळा. त्यानं लांब पास सोडला. इस्माईल अर्धं मैदान पळत सुटला. कस्टम्सचा हाफबॅक आणि गोलकीपर यांच्यात 'तू घे की मी घेऊ' झालं, आणि इस्माईलनं तेवढ्यात काम फत्ते केलं. सामन्यातला तो एकमेव गोल.

पुढे १९३६ मध्ये ध्यानचंदच्याच कप्तानीत बर्लिनला जर्मनीचा ८–१ असा धुव्वा उडाला. तरीही आपला सर्वोत्तम सामना कुठला, असं विचारलं की तो कलकत्त्याचा हाच सांगायचा. ज्यात त्याच्या नावावर एकही गोल नाही!