पॉइंटच्या खाली

रडतोंडीचा घाट हे नाव ज्याने कोणी ठेवलं, त्याने तो घाट डोक्यावर ओझं घेऊन चढलेला असणार. महाबळेश्वरच्या डोंगरावरून कोयनेच्या खोऱ्यात, पार गावाकडे उतरणारी ही वाट. १६५९ साली अफझलखानाची फौज वाईहून निघून याच वाटेने जावळीत उतरली. पुढे पावणेदोनशे वर्षांनी मुंबईचे साहेबलोक कोकणातून हाच चढ पालख्यांत बसून चढू लागले. त्यांच्या जिभेला हे नाव पेललं नाही. कागदोपत्री त्यांनी त्याचं ‘रोटुंडा’ करून टाकलं. इंग्रजीत रोटुंडा म्हणजे घुमटाची गोल इमारत. या घाटात गोल काही नाही आणि घुमटही नाही. पालखीत बसणाऱ्याला रडण्याचं कारण नव्हतं, आणि भोयांना कुणी विचारलं नसावं.

महाबळेश्वरचं वर्णन वाचायला घेतलं की ते नेहमी वरून सुरू होतं. कठड्याला टेकून खाली बघायचं, दरी किती खोल आहे ते सांगायचं, वाऱ्याने टोपी उडवून दाखवायची. आर्थर सीट, एल्फिन्स्टन, बॅबिंग्टन, केट्स, लॉडविक, विल्सन. ‘पॉइंट’ हा शब्द आता इतका मराठी झाला आहे की टॅक्सीवाला ‘दहा पॉइंट करू’ म्हणतो आणि आपल्याला त्यात काही वावगं वाटत नाही. पण पॉइंट म्हणजे बघण्याची जागा. ज्याच्याकडे बघायचं ते खाली राहतं. या डोंगराची गोष्ट मला खालून वर येताना जास्त समजली आहे, म्हणून तशीच सांगतो.

पोलादपूरहून आंबेनळी घाटाने वर येताना आपण नुसता चढ चढत नसतो. हा सगळा डोंगर सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा आहे, थरावर थर रचत गेलेला. भूगर्भशास्त्रज्ञांनी इथल्या थरांना नावं दिली तेव्हा त्यांना दूर जावं लागलं नाही. खालच्याला पोलादपूर, मधल्याला आंबेनळी, वरच्याला महाबळेश्वर. एस.टी.च्या पाटीवरची ही नावं जगभरच्या शोधनिबंधांत दगडाची नावं म्हणून छापली जातात. या काळ्या दगडाच्या डोक्यावर जांभ्याची टोपी आहे. पाचगणीचं टेबललँड हा त्याच जांभ्याचा सपाट तुकडा. जांभा सच्छिद्र, पाणी पिणारा. पावसाळ्यात प्यालेलं पाणी खालच्या घट्ट थराला अडून कडेने झऱ्यांच्या रूपाने बाहेर पडतं. क्षेत्र महाबळेश्वरच्या पंचगंगा मंदिरात दगडी गोमुखातून पडणारं पाणी हे असं डोंगराच्या पोटातून आलेलं आहे.

कृष्णा, वेण्णा, कोयना, सावित्री, गायत्री. सरस्वती आणि भागीरथी धरल्या तर सात, पण त्या दोघी रोज येत नाहीत. भागीरथी बारा वर्षांनी आणि सरस्वती साठ वर्षांनी प्रकटते अशी श्रद्धा आहे. देवळात सगळ्या एका कुंडात दिसतात, बाहेर पडल्यावर मात्र वाटा फुटतात. वेण्णा साताऱ्याजवळ माहुलीला कृष्णेला मिळते, कोयना दक्षिणेकडे मोठा वळसा घेऊन कराडच्या प्रीतिसंगमावर. दोघी कृष्णेबरोबर बंगालच्या उपसागराला जातात. सावित्री मात्र पश्चिमेच्या कड्यावरून खाली झेपावते आणि पोलादपूर, महाड करत बाणकोटच्या खाडीतून अरबी समुद्र गाठते. आर्थर सीटवरून दिसणारी खोल दरी ही तिचीच. आर्थर सीटला मढीमहाल म्हणत, विल्सन पॉइंटच्या टेकडीला सिंदोळा. १,४३९ मीटर उंचीचा हा सिंदोळा या पठाराचा माथा.

इंग्रज येण्यापूर्वी हा डोंगर म्हणजे देवस्थान आणि त्याच्याभोवतीचं जंगल. १६६५ च्या सूर्यग्रहणात शिवाजी महाराजांनी इथेच जिजाऊंची सुवर्णतुला केली. पण राजकारणाचं ठिकाण डोंगर नव्हता, खालची जावळी होती. तिथे चंद्रराव हा किताब मिरवणाऱ्या मोऱ्यांचा जोर होता तो सैन्यापेक्षा झाडीवर आणि कड्यांवर. १६५६ मध्ये महाराजांनी जावळी घेतली, भोरप्याच्या डोंगरावर मोरोपंत पिंगळ्यांकडून प्रतापगड बांधून घेतला, आणि तीन वर्षांनी खानाला त्याच झाडीत बोलावून घेतलं. १० नोव्हेंबर १६५९ ची भेट आपल्याला पाठ आहे. भेटीनंतर पारच्या खोऱ्यात जे झालं ते मात्र भूगोलानेही घडवलेलं होतं: एवढी फौज आत आणणारी वाट तिला तितक्याच सहज बाहेर सोडत नाही. २०२५ मध्ये युनेस्कोने मराठ्यांच्या बारा किल्ल्यांना जागतिक वारसा ठरवलं, त्यांत प्रतापगड आहे. त्या यादीचं नाव ‘लष्करी भूप्रदेश’ असं आहे, ते मला योग्य वाटतं. किल्ला हा त्यातला तटबंदी असलेला भाग, एवढंच.

१८२४ मध्ये कर्नल लॉडविक साताऱ्याकडून झाडी तोडत वर आला आणि एका सोंडेच्या टोकाशी पोहोचला. गोऱ्या माणसाने हा डोंगर ‘शोधला’ तो असा. तिथे शेकडो वर्षं देऊळ होतं, पुजारी होते, यात्रा भरत होती, ही बाब शोधाच्या आड आली नाही. त्या सोंडेला आधी सिडनी पॉइंट म्हणत. लॉडविक वारल्यावर त्याच्या मुलाने १८७४ मध्ये तिथे स्तंभ उभारला आणि नाव बदललं. म्हणजे इंग्रजांनी आपलीच नावंही पुसली, हे त्यांच्या बाजूने सांगायला हवं.

खरा उद्योग सर जॉन माल्कमचा. मुंबईचा गव्हर्नर असताना त्याला हवा आवडली आणि १८२९ मध्ये साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह यांच्याशी करार करून त्याने हा डोंगर घेतला. बदल्यात दिलं वाईजवळचं खंडाळा गाव. वसलेल्या पेठेला नाव मिळालं माल्कमपेठ. साताऱ्याहून वर येणारा रस्ता प्रतापसिंहांनी करून दिला. दहा वर्षांनी कंपनीने त्याच प्रतापसिंहांना गादीवरून उतरवून काशीला धाडलं, आणि १८४८ मध्ये सातारचं राज्यच खालसा केलं. वेण्णा तलाव १८४२ चा, प्रतापसिंहांच्या भावाच्या, आप्पासाहेब महाराजांच्या काळातला. आज त्यात नावा फिरतात, काठावर मक्याची कणसं भाजतात आणि उंट-घोडे फोटोला उभे राहतात. राजाने दिलेलं पाणी आहे हे सांगणारी पाटी तिथे शोधावी लागते.

माल्कमपेठ ज्यांच्या अंगमेहनतीवर उभी राहिली त्यांच्यात एक जमात अगदी अनपेक्षित आहे. मलाया, सिंगापूरकडच्या इंग्रज वसाहतींत शिक्षा झालेले चिनी आणि मलायी कैदी इथे आणून ठेवले होते. दिवसा त्यांना रस्त्यावर आणि बागेत राबवत. डोंगरावर बटाटा आणि विलायती भाज्या रुजवल्या त्या बऱ्याचशा त्यांच्या हातांनी. वेताच्या खुर्च्या विणण्याची कलाही त्यांचीच. १८६४ च्या सुमारास तुरुंग बंद झाला. त्यांच्या मळ्यांजवळच्या धबधब्याला अजून चायनामन्स फॉल म्हणतात. कोण होते, गुन्हा काय, सुटल्यावर कुठे गेले, त्या नावावरून काहीच कळत नाही. लाल मातीतला महाबळेश्वरी बटाटा आपण कौतुकाने पिशवीत भरतो, तेव्हा मला दर वेळी हे लोक आठवतात.

दुसरी जमात इथलीच. धावड जांभ्यातून लोखंड गाळत. त्यासाठी कोळसा लागे, कोळशासाठी झाडं. साहेबांना सावली हवी होती, तेव्हा जंगल राखायचं ठरलं आणि भट्ट्या विझल्या. जंगल वाचलं हे खरंच. आज जांभूळ, हिरडा, अंजनाची जी दाट राई आपण बघतो तिच्यात त्या बंदीचा वाटा आहे. पण एक धंदा पिढ्यान्‌पिढ्यांचा गेला, आणि त्याची नोंद जुन्या गॅझेटियरच्या दोन-चार ओळींत उरली. साहेबांचे स्वतःचे प्रयोगही सगळे साधले नाहीत. लिंगमळ्याला क्विनाइनसाठी सिंकोना लावला होता, तो पावसाने कुजवला.

पावसाबद्दल दोन शब्द पुरणार नाहीत. वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस इथे पडतो, आणि तो जवळजवळ चार महिन्यांत. पूर्वी मे संपता संपता घरांना गवताच्या झडी बांधत, सामान बांधून साहेब पुण्याला उतरत आणि बाजार बंद होई. अठरा-वीस किलोमीटरवरच्या पाचगणीला याच्या साधारण तिसरा हिस्सा पाऊस, वाईला त्याहून कितीतरी कमी. ढग पश्चिमेच्या कड्याला आपटून मोकळे होतात आणि पुढच्यांच्या वाट्याला उरलंसुरलं येतं. पाचगणी जन्मली ती या फरकामुळे. दांडेघर, खिंगर, गोडवली, आमराळ आणि तायघाट या पाच गावांच्या मध्ये, बारा महिने राहता येईल अशी जागा म्हणून १८६० च्या दशकात जॉन चेसनने ती वसवली आणि सिल्व्हर ओक लावले. हवा कोरडी, म्हणून क्षयरोग्यांची आरोग्यधामं आली. हवा चांगली, म्हणून शाळा आल्या. झांझिबारहून शिकायला आलेला फारुख बलसारा नावाचा पारशी मुलगा इथल्या सेंट पीटर्समध्ये पियानो शिकला, १९५८ च्या सुमारास त्याने मित्रांबरोबर बँड काढला, आणि पुढे जगाने त्याला फ्रेडी मर्क्युरी म्हणून ओळखलं. पसरणी घाटाच्या पायथ्याचं पसरणी हे शाहीर साबळ्यांचं गाव. एका घाटाच्या दोन टोकांना हे दोन गळे; याचा अर्थ मी लावत बसत नाही, मला फक्त मजा वाटते.

पाऊस डोंगरावर पडतो, पण सोसावा लागतो तो खाली. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महाडजवळ सावित्रीवरचा १९२८ चा पूल पुरात गेला आणि त्याच्याबरोबर एस.टी. बसही गेल्या. २०२१ च्या जुलैत, बावीस-तेवीस तारखेच्या चोवीस तासांत, महाबळेश्वरला ५९४ मिलिमीटर पाऊस मोजला गेला. सोलापूरकडच्या माणसाला एवढ्यात त्याचं अख्खं वर्ष निघेल. त्याच दिवसांत महाड बुडालं, तळिये गावावर दरड आली, पाटणच्या डोंगरवाड्यांवर आली, आंबेनळी घाट ठिकठिकाणी खचला.

आणि एवढा पाऊस पिऊन हा डोंगर एप्रिलात तहानतो. कडेच्या वाड्यांमध्ये झरे आटतात, टँकर चढतात. महाबळेश्वर आणि पाचगणी दोन्ही गावांचं पाणी वेण्णा तलावावर, आणि पाहुण्यांची सर्वांत मोठी गर्दी नेमकी मे महिन्यात. हॉटेलांचा आणि बांधकामांचा वेग पाहून केंद्र सरकारने २००१ मध्ये हा सगळा टापू पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील जाहीर केला. तरीही डोंगर पोखरल्याची बातमी दर दोन-तीन वर्षांनी येते. गर्दी वाटून घ्यायला म्हणून कोयनेच्या खोऱ्यात ‘नवीन महाबळेश्वर’ची योजना पुढे आली, सुरुवातीलाच २३५ गावं आखून. जुन्याचं काय करायचं हे न ठरवता नवं काढण्याची ही रीत मला समजत नाही.

स्ट्रॉबेरीबद्दल मात्र मनापासून चांगलं बोलतो. देशातल्या स्ट्रॉबेरीचा फार मोठा हिस्सा या एका तालुक्यातून आणि त्याच्या आसपासच्या गावांतून निघतो. २०१० मध्ये तिला भौगोलिक मानांकन मिळालं. मातृरोपं परदेशातून येतात, खाली वाई तालुक्यातल्या उन्हात त्यांच्या धाग्यांवर नवी रोपं धरतात, पावसाळा सरता सरता ती वर आणून वाफ्यांत लावतात. मल्चिंगचा कागद, ठिबक, आणि नोव्हेंबर-डिसेंबरपासून पहाटे तोडणी. विंटर डॉन, स्वीट चार्ली, नाबिला ही नावं इथल्या आजी सहज घेते, जशी पूर्वी नाचणीच्या वाणांची घेत असेल. गहू आणि नाचणीवर जगणाऱ्या घराला या फळाने सिमेंटचं छप्पर दिलं, मुलांना कॉलेज दिलं. स्ट्रॉबेरीच्याच गावाने, भिलारने, मे २०१७ मध्ये घराघरांत पुस्तकं मांडून ‘पुस्तकांचं गाव’ होऊन दाखवलं. मांघर पुढे ‘मधाचं गाव’ झालं. सगळ्या सरकारी पाट्या अशा जगत नाहीत; या दोन अजून तरी जगताहेत.

पण स्ट्रॉबेरी पठारावरची. कड्याखाली उतरलं की तापोळा, आणि पुढे कोयनेच्या जलाशयापलीकडची कांदाटी खोऱ्यातली गावं. साठच्या दशकात धरण झालं, खाचरं पाण्याखाली गेली, कितीतरी गावं उठून दूरच्या जिल्ह्यांत गेली. जे राहिले त्यांचा पलीकडच्या काठाशी संबंध लाँचचा. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे भूकंपाने उरलीसुरली घरंही हलवली. जाहिरातीत तापोळ्याला ‘मिनी काश्मीर’ म्हणतात. इथेही नाव दुसऱ्या डोंगराचंच. या खोऱ्यातला आणि जावळीतला तरणा माणूस गेल्या दोन-तीन पिढ्या मुंबईला जातो. बाजारात, गोदीत, गोदामात माथ्यावर ओझी वाहतो, म्हणून माथाडी. १९६९ मध्ये त्यांच्यासाठी कायदा झाला, हक्काची मजुरी आणि फंड आला. खोऱ्यातली पुष्कळ पक्की घरं त्या फंडातली आहेत.

मे महिन्यात दुपारी महाबळेश्वरच्या स्टँडवर उभं राहिलं तर दोन गर्द्या दिसतात. एक उतरते ती टोप्या, गॉगल, चिक्की आणि क्रीम घातलेल्या स्ट्रॉबेरीच्या ग्लासांकडे वळते. दुसरी गावच्या जत्रेला किंवा लग्नाला मुंबईहून आलेली असते, आणि तिला इथे थांबायचं नसतं. पोरं कडेवर, पत्र्याची पेटी आता चाकांची बॅग झालेली, तरी एखादं पोतं असतंच. तापोळ्याची गाडी कधी लागते, एवढंच ते विचारतात. एका टॅक्सीवाल्याने त्यांच्यातल्या एका म्हाताऱ्याला पॉइंट दाखवायचे का म्हणून विचारलं होतं. म्हातारा हसला, कड्याच्या दिशेने बोट करून म्हणाला, ‘त्याच्याच खाली राहतो बाबा,’ आणि पोतं डोक्यावर घेऊन गाडीकडे गेला.