वन अँड टू अँड टी!

ऑफिस सुटलं की काय करता? ट्रॅफिक, टीव्ही आणि गुड नाइट? १९४१ साली न्यूयॉर्कमधली बरीच हौशी मंडळी दिवसभराची कामं आटोपून गाण्याच्या तालमीला पळायची. ‘कॉलेजिएट कोराल’ हा त्यांचा ग्रुप जमवणारा रॉबर्ट शॉ होता जेमतेम पंचविशीचा. गोऱ्यांनी आणि काळ्यांनी एका रांगेत उभं राहून गाणं तेव्हा अमेरिकेत सहज खपत नव्हतं. शॉच्या ऑडिशनला मात्र फक्त आवाज बघितला जायचा.

गंमत म्हणजे या माणसाकडे संगीताची डिग्री नव्हती. जन्म १९१६ चा, कॅलिफोर्नियातला. वडील धर्मोपदेशक, आणि पोमोना कॉलेजात हाही त्याच वाटेवर. तिथल्या ग्ली क्लबचे सर आजारी पडले आणि गायकांना सांभाळायचं काम याच्यावर आलं. बँडलीडर फ्रेड वॉरिंगने ते पाहिलं आणि १९३८ मध्ये त्याला न्यूयॉर्कला बोलावून घेतलं. नाव झालं, पण रीतसर शिकलो नाही ही बोच होतीच. अशी बोच लपवून आपण मीटिंगमध्ये नुसती मान डोलावतो. शॉ सरळ जर्मनीहून आलेल्या ज्युलियस हरफर्ड यांच्यासमोर विद्यार्थी होऊन बसला. १९४५ मध्ये टोस्कानिनीसारख्या कडक मास्तरांसाठी त्याने बेटोव्हनच्या नवव्या सिंफनीचा कोरस तयार केला, आणि मास्तर चक्क खूश!

त्याची तालीम ऐकून आधी हसूच येईल. गाण्याचे शब्द बंद! सगळ्यांनी सुरात आकडे म्हणायचे, ‘वन अँड टू अँड टी अँड फोर अँड’. ‘थ्री’ नाही, ‘टी’, कारण ‘थ्री’ म्हणताना जीभ रेंगाळते. तेही अगदी हलक्या आवाजात. प्रत्येक सूर नेमका किती धरायचा, कुठे सोडायचा हे शंभर-दोनशे जणांना एकदम कळतं. मागे राहणारा लगेच पकडला जातो. शिवाय कार्यक्रमाआधीच घसा बसत नाही. हे पक्कं झालं की मग शब्द. हातावर मात्रा मोजत ताल शिकलेल्यांना यात नवल वाटणार नाही. वर तालमीनंतर गायकांना ‘डियर पीपल’ अशी पत्रं, कधी कौतुक, कधी कानउघाडणी!

१९६७ मध्ये तो अटलांटा सिंफनीचा प्रमुख झाला. नवं, अनोळखी संगीत फार वाजवतो म्हणून १९७२ मध्ये व्यवस्थापनाने त्याला घालवायचं ठरवलं. शहरातले रसिक भडकले, त्यांनी सीझनची तिकिटं घेतली आणि साहेब राहिले, थेट १९८८ पर्यंत. हौशी गायकांचा कोरसही त्याने तिथे उभा केला.

रिटायर झाल्यावर, १९९० पासून, कार्नेगी हॉलमध्ये त्याची वर्कशॉप्स सुरू झाली. जानेवारी १९९९ मध्ये तो गेला. या वर्कशॉप्सना गावोगावचे कोरस डायरेक्टर यायचे. एरवी दुसऱ्यांना झापणारे हे सगळे बॉस रांगेत बसून हलक्या आवाजात म्हणायचे, वन अँड टू अँड टी!