नवीन टोचलेले नाक आणि मेकअप: जखम भरेपर्यंत काय सांभाळावे?

"डॉक्टर, लग्न महिन्यावर आलंय. नथ घालता यावी म्हणून गेल्या आठवड्यात नाक टोचून घेतलं. परवा साखरपुडा आहे. मेकअप केला तर चालेल का?"

लग्नसराईत हा प्रश्न हमखास विचारला जातो. थोडक्यात उत्तर असे: चेहऱ्याच्या इतर भागावर मेकअप चालेल, पण टोचलेल्या जागेभोवती नाही. आणि "आता बरं वाटतंय, दुखत नाही" एवढ्यावरून जखम भरली असे समजू नका. हे असे का, आणि मेकअप करायचाच असेल तर तो कसा करावा, हे या लेखात समजून घेऊ.

नाक टोचल्यावर आत काय घडते?

नाक टोचणे म्हणजे नाकपुडीला आरपार केलेली जखम. त्या जखमेत चमकी किंवा तार असल्यामुळे ती एखाद्या खरचटण्यासारखी लगेच मिटत नाही. दोन्ही बाजूंच्या कडांपासून नवी त्वचा हळूहळू आत वाढत जाते आणि छिद्राला आतून अस्तर तयार होते. बाहेरची बाजू आधी भरते, मधला भाग सर्वांत शेवटी.

म्हणूनच तीन-चार आठवड्यांत लाली आणि दुखणे कमी झाले, तरी आतली जखम ओलीच असू शकते. नाकपुडीचे छिद्र पूर्ण भरायला साधारण २ ते ४ महिने लागतात, काहींना ६ महिन्यांपर्यंतही लागतात. मधुमेह असेल, चमकी सारखी हलत असेल किंवा मध्येच जंतुसंसर्ग झाला, तर आणखी वेळ जातो.

नाकाच्या बाबतीत आणखी दोन गोष्टी लक्षात ठेवा. पहिली, बऱ्याच निरोगी माणसांच्या नाकात 'स्टॅफिलोकॉकस ऑरियस' हे जिवाणू एरवीही राहत असतात. एकसंध त्वचेतून ते आत शिरत नाहीत, पण जखम मिळाली की त्यांना वाट मिळते. दुसरी, छिद्र थोडे वरच्या बाजूला असेल तर ते नाकाच्या कूर्चेतून जाते. कूर्चेला स्वतःच्या रक्तवाहिन्या नसतात, तिचे पोषण भोवतालच्या आवरणातून होते. त्यामुळे तिथे संसर्ग झाला तर तो बरा व्हायला वेळ लागतो, आणि उपचाराला उशीर झाल्यास कूर्चा झडून नाकाचा आकार बिघडू शकतो. असे क्वचित घडते, पण एकदा आकार बिघडला की तो सहज पूर्ववत होत नाही.

मेकअपने नेमके काय बिघडते?

- फाउंडेशन, कन्सीलर, प्राइमर यांसारखी दाट क्रीम छिद्राच्या तोंडाशी साचतात. जखमेतून येणारे पाणी बाहेर पडायला जागा राहत नाही.
- कॉम्पॅक्ट, ब्लश, हायलायटर यांचे बारीक कण छिद्रात शिरतात. शरीर त्यांना बाहेरची वस्तू समजते आणि सूज टिकून राहते. कधीकधी तिथे लालसर मांसल गाठ येते.
- सुगंधी द्रव्ये आणि सेटिंग स्प्रेमधील अल्कोहोल यांनी जखमेची आग होते. काहींना ॲलर्जीही येते.
- जुने ब्रश, ओला राहिलेला स्पंज आणि अनेकींना वापरलेले सामान यांतून जंतू थेट जखमेवर पोहोचतात.
- मेकअप काढताना घासणे, कापसाचे धागे चमकीत अडकणे, चमकी ओढली जाणे, यांमुळे भरत आलेली जखम पुन्हा उघडते.

केव्हा काय चालेल?

पहिले २ आठवडे: नाकावर काहीही लावू नका. काजळ, मस्कारा, लिपस्टिक चालेल. गालावर काही लावायचे असेल तर नाकापासून दूर, कानाकडच्या बाजूला लावा.

त्यानंतर जखम पूर्ण भरेपर्यंत: चमकीभोवती एक रुपयाच्या नाण्याएवढी जागा मोकळी सोडा, म्हणजे सर्व बाजूंनी साधारण १ सेंटिमीटर. बाकी चेहऱ्यावर हलका मेकअप करायला हरकत नाही. उन्हात जाताना सनस्क्रीन लावाल तेव्हाही हाच नियम पाळा. एवढ्याशा जागेसाठी टोपी किंवा ओढणीची सावली पुरते.

पूर्ण भरल्यावर: २-४ महिने होऊन गेले आहेत, पाणी किंवा खपली येत नाही, हात लावल्यावर दुखत नाही, लाली आणि सूज नाही. हे सगळे जुळले की नेहमीसारखा मेकअप करा.

यातले एखादे लक्षण परत दिसले, तर काही दिवस पुन्हा नाण्याएवढी जागा मोकळी सोडा.

मेकअप करताना

१. आधी साबणाने हात धुवा. नाकाला विनाकारण हात लावू नका, चमकी फिरवू नका.
२. ब्रश आणि स्पंज धुऊन पूर्ण वाळलेले असावेत. शक्यतो स्वतःचेच वापरा. मुदत संपलेले किंवा वास बदललेले सामान टाकून द्या.
३. क्रीम बोटांनी किंवा स्पंजने हलके टेकवत लावा आणि नाकाकडून गालाकडे जा. उलट दिशेने ओढलेले क्रीम छिद्राशी जमते.
४. पावडर किंवा स्प्रे मारताना स्वच्छ टिश्यूची घडी नाकपुडीवर धरा. हेअरस्प्रे मारतानाही हे विसरू नका.
५. पार्लरमध्ये किंवा मेकअप करणाऱ्या ताईंना सुरुवातीलाच सांगा: "नाक नवीन टोचलं आहे, या जागेला हात लावू नका."

मेकअप काढताना

घरी आल्यावर कितीही दमला असलात तरी मेकअप काढूनच झोपा. सुरुवात गाल आणि कपाळापासून करा, नाक शेवटी. मेकअप काढायचे तेल किंवा लोशन छिद्रापर्यंत जाऊ देऊ नका. मग सौम्य, बिनवासाच्या फेसवॉशने चेहरा धुवा.

त्यानंतर मेडिकलच्या दुकानात मिळणारे निर्जंतुक नॉर्मल सलाईन (०.९ टक्के) गॉजवर घेऊन नाकपुडीच्या बाहेरून आणि आतून हलके टेकवा. खपली मऊ होऊन आपोआप सुटेल, नखाने काढू नका. शेवटी स्वच्छ टिश्यूने टिपून घ्या. टॉवेलचे धागे चमकीत अडकतात, शिवाय ओलसर टॉवेलात जंतूही असतात.

एरवीही दिवसातून दोनदा अशी सफाई पुरेशी आहे. स्पिरिट, हायड्रोजन पेरॉक्साइड किंवा डेटॉल लावू नका. त्यांनी जंतूंबरोबर नव्याने तयार होणारी त्वचाही दुखावते.

हळद-तेल लावावे का?

आपल्याकडे नाक टोचल्यावर खोबरेल तेलात कालवलेली हळद लावण्याची पद्धत आहे. आजी हे प्रेमाने सांगते, पण स्वयंपाकघरातली हळद निर्जंतुक नसते आणि तेलाचा थर छिद्र बंद करतो. तेव्हा ते टाळलेलेच बरे. हळदीच्या समारंभातही हाच विचार करा. हात, पाय, गाल यांना हळद लावून घ्या, नाक तेवढे सोडायला सांगा. हळद उतरवताना जोराने चोळू नका.

लग्नाआधीचे फेशियल, ब्लीच आणि वाफ घेणेही जखम भरेपर्यंत थांबवा. वरच्या ओठाचे थ्रेडिंग किंवा वॅक्सिंग करायचेच असेल तर चमकीला धक्का लागणार नाही, याची काळजी घ्या.

मग नथ केव्हा घालायची?

मोत्यांची महाराष्ट्रीय नथ जड असते. ताज्या छिद्रात तिचा भार आला की जखम खाली ओढली जाते, छिद्र लांबट होते आणि कधी फाटते. त्यामुळे जखम पूर्ण भरेपर्यंत हलकी चमकीच ठेवा. लग्नात नथ छिद्रातच घालायची असेल, तर किमान ५-६ महिने आधी नाक टोचून घ्या.

तेवढा वेळ नसेल तर सर्वांत सोपा उपाय म्हणजे लग्नात प्रेसची नथ वापरायची आणि नाक नंतर सवडीने टोचायचे. आधीच टोचून झाले असेल, तर प्रेसची नथ त्या नाकपुडीवर दाबू नका. हौस असेल तर तेवढ्या वेळापुरती दुसऱ्या बाजूला लावा. नथ डाव्या बाजूलाच हवी असे घरचे म्हणतील, पण ताज्या जखमेवर दाब देण्यापेक्षा हे बरे.

धातूकडेही लक्ष द्या. नकली दागिन्यांत बहुधा निकेल असते आणि त्याची ॲलर्जी अनेकांना असते. अशा वेळी सतत खाज, पाणी येणे, लाली दिसते आणि दोष मात्र मेकअपला दिला जातो. सुरुवातीला वैद्यकीय दर्जाचे टायटॅनियम किंवा निकेल नसलेले सोने वापरा.

काय स्वाभाविक, काय धोक्याचे?

पहिले काही दिवस थोडी सूज, लाली, हुळहुळणे, आणि पांढरट किंवा फिकट पिवळे पाणी वाळून धरलेली खपली हे स्वाभाविक आहे. मात्र पुढील लक्षणे दिसली तर त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा:

- कमी होण्याऐवजी वाढत जाणारी लाली, सूज किंवा ठणका
- दाट पिवळा, हिरवट किंवा दुर्गंधीयुक्त पू
- ताप
- चमकी त्वचेत रुतत जाणे

सूज गालावर किंवा डोळ्याकडे पसरली, डोळा सुजला, दोन-दोन दिसू लागले किंवा ताप येऊन डोके खूप दुखू लागले, तर थेट रुग्णालयात जा. नाकाभोवतालच्या शिरा मेंदूजवळच्या शिरांना जोडलेल्या असतात. संसर्ग तिथवर जाणे फार क्वचित घडते, पण अशा वेळी वाट पाहायची नसते.

संसर्ग झाला म्हणून चमकी स्वतःहून काढून टाकू नका. छिद्र वरून मिटते आणि पू आत अडकतो. ती ठेवायची की काढायची हे डॉक्टर ठरवतील. मेडिकलमधून मनाने मलम आणूही नका. सहज मिळणाऱ्या अनेक मिश्र मलमांत स्टेरॉइड असते. त्याने लाली तात्पुरती दबते, पण संसर्ग आत वाढत राहतो. कूर्चेच्या संसर्गाला काही वेळा नेहमीचे प्रतिजैविकही लागू पडत नाही.

आधी डॉक्टरांना कोणी विचारावे?

मधुमेह असणाऱ्यांनी, रक्त पातळ करणारी औषधे घेणाऱ्यांनी, मुरुमांसाठी आयसोट्रेटिनॉइन चालू असणाऱ्यांनी, तसेच पूर्वीच्या जखमांवर केलॉइड म्हणजे जाड, वाढत जाणारा व्रण आलेल्यांनी टोचण्यापूर्वीच सल्ला घ्यावा. सोनाराकडे टोचा किंवा दवाखान्यात, सुई नवी आणि निर्जंतुक आहे ना, हे डोळ्यांनी पाहा. वापरलेल्या सुईतून हिपॅटायटिस बी, सी आणि एचआयव्ही पसरू शकतात. धनुर्वाताची लस केव्हा घेतली होती, तेही तपासा.

फोटोत चमकीभोवतीची थोडी लाली दिसली तर ती नंतर पुसता येते. कूर्चेला झालेली इजा मात्र तशी पुसता येत नाही. काही महिने नाण्याएवढी जागा मोकळी सोडलीत, तर पुढे आयुष्यभर हवी ती नथ निर्धास्तपणे घालता येईल.