आधी कचेरी की आधी कोर्ट?

गेल्या श्रावणातली गोष्ट. दिवेलागणीच्या सुमारास शेजारचे गृहस्थ एक लांबट लिफाफा घेऊन आमच्याकडे आले. चेहरा पार उतरलेला. मुलगा एका कारखान्यात भांडारपाल. माल चोरल्याचा आळ आला, पोलिसांनी खटला भरला, कारखान्याने निलंबित केले. आणि आता त्याच आरोपावर खातेनिहाय चौकशीची तारीख लागली होती.

"अण्णा, कोर्टात खटला चालू असताना कचेरीला चौकशी करताच येत नाही ना?"

माझी उभी हयात आस्थापना शाखेत गेली. 'नाही' म्हटले असते तर त्यांना त्या रात्री झोप लागली असती. पण ते खरे नव्हते.

खटला आणि चौकशी ही दोन निराळी गाडी आहेत. कोर्टाला गुन्हा निःसंशय सिद्ध व्हावा लागतो. कचेरीला संभाव्यतेचे पारडे कुठे झुकते एवढे पुरते. दिल्लीच्या एका गिरणीतल्या शिपायावर हेडक्लार्कची सायकल चोरल्याचा आरोप होता. 'खटला चालू आहे, मी बोलणार नाही,' म्हणून तो चौकशीत गप्प राहिला. नोकरी गेली. पुढे कोर्टातून तो सुटला. तरीही १९६० साली सर्वोच्च न्यायालयाने बडतर्फी कायम केली. मालकाने खटल्याच्या निकालाची वाट पाहिलीच पाहिजे असे नाही, असा तो निर्णय. मात्र प्रकरण गंभीर आणि गुंतागुंतीचे असेल, तर थांबणे इष्ट, हेही त्यातच सांगितले होते.

ते 'इष्ट' का, हे या मुलाकडे पाहून कळते. चौकशीत बोलावे, तर बचावाचे सारे मुद्दे खटल्याआधीच उघडे पडतात. न बोलावे, तर चौकशी एकतर्फी होते. आरोपीला स्वतःविरुद्ध साक्ष देण्याची सक्ती करता येत नाही, असे आपली राज्यघटना सांगते. पण नोकरी जाण्याची धास्ती ही काय कमी सक्ती आहे?

"मग थांबवून ठेवू या, जितकी वर्षे थांबेल तितकी," गृहस्थ म्हणाले.

तेवढ्यात मागे उभा असलेला मुलगा पहिल्यांदाच बोलला. "नको, बाबा. किती वर्षे मी असा अधांतरी राहू?"

पोर मुद्द्याचे बोलला. निलंबित कामगाराला निर्वाहभत्ता मिळतो: पहिले ९० दिवस निम्म्या वेतनाइतका, आणि पुढची दिरंगाई त्याच्यामुळे नसेल तर पाऊण. पण तो हाती पडला तर! कोलारच्या सोन्याच्या खाणीतल्या एका सुरक्षा अधिकाऱ्याला तो मिळालाच नाही. पैशांअभावी तो चौकशीला जाऊ शकला नाही आणि १९८६ साली एकतर्फी बडतर्फ झाला. १९८७ साली कोर्टाने त्याला निर्दोष सोडले. नोकरी परत मिळायला १९९९ साल उजाडले. त्याच निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, आरोप व पुरावा एकच आणि प्रश्न गुंतागुंतीचे असतील तर चौकशी थांबवणे इष्ट. पण खटला रेंगाळला तर ती पुन्हा सुरू करता येते. निर्दोष माणसाची अब्रू लवकर परत मिळावी आणि दोषी माणूस लवकर दूर व्हावा, हा त्यामागचा हेतू. २०१४ सालच्या एका प्रकरणात तर त्याच न्यायालयाने एका वर्षाची मुदतच घालून दिली.

दुसऱ्याच दिवशी आम्ही वकिलाकडे गेलो. आधी कारखान्याकडे अर्ज केला. तो नाकारला गेला. मग कोर्टाने चौकशी एक वर्ष थांबवली. खटला तोवर संपला नाही, तर चौकशी पुन्हा उभी राहील.

निकाल काय लागेल, मला ठाऊक नाही. मुलाने चोरी केली की नाही, हे मी विचारलेले नाही. पण काल त्यांच्या गॅलरीत आकाशकंदील लागला. तो टांगायला स्टुलावर चढलेला मुलगा खालच्या माणसांकडे पाहून हसला, तेव्हा वाटले, शिक्षा ठरण्याआधीच भोगावी लागू नये, एवढे तरी आपण सर्वांनी पाहायला हवे.