तळं भरलेलं, तरी पाणी विकत!

दोस्ता, एक कोडं घालू? गावात मोठं तळं. पाणी भरपूर! तरी तिथल्या सभेसाठी ४० रुपयांचं पाणी विकत घ्यावं लागलं. का बरं?

ही गोष्ट खरी आहे हं! आपल्या रायगडातल्या महाडची, मार्च १९२७ची. आणि त्या काळी ४० रुपये म्हणजे केवढी मोठी रक्कम!

ते चवदार तळं. तिथे गाईगुरं पाणी पीत. हिंदूंतल्या इतर जातींचे लोक, मुसलमान, ख्रिस्ती, सगळे पाणी भरत. पण काही जातींच्या माणसांना तेव्हा ‘अस्पृश्य’ म्हणत. म्हणजे त्यांना शिवायचंसुद्धा नाही! त्यांना तळं बंद, म्हणून त्यांच्या सभेला पाणी विकत! म्हैस चालते, माणूस नाही! पटतं का तुला?

आता आणखी गंमत ऐक. सरकारी कागद तर त्यांच्याच बाजूने होता! १९२३मध्ये मुंबईच्या कायदे कौन्सिलात सी. के. बोले यांनी ठराव आणला: सार्वजनिक विहिरी, तळी, शाळा सगळ्यांना खुल्या. १९२४मध्ये महाड नगरपालिकेनेही तळं खुलं केलं. कागदावर! शाळेच्या नळावर ‘सर्वांसाठी’ अशी पाटी लागावी आणि दांडग्या पोरांनी नळच अडवून धरावा, तसं झालं.

दक्षिण आफ्रिकेत याच्या उलट! तिथे १९५३मध्ये सरकारनेच कायदा केला. गोऱ्यांचे बाक वेगळे, काळ्यांचे वेगळे. किनारेसुद्धा वेगळे! महाडला कागद म्हणत होता ‘या’, माणसं म्हणत होती ‘जा’.

मग २० मार्चला काय झालं? डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारो लोकांसह तळ्यावर गेले आणि पाणी प्यायले. बस्स, एवढंच! पण त्यानंतर सभेच्या लोकांना मारहाण झाली. तळं ‘शुद्ध’ करायला त्यात काय ओतलं, ओळख पाहू? शेण, गोमूत्र, दूध, दही! १०८ घागरी! (त्यापेक्षा स्वच्छ पाणी बरं नव्हतं का?)

ऑगस्टमध्ये नगरपालिकेने आपला ठरावच मागे घेतला. डिसेंबरमध्ये बाबासाहेब पुन्हा निघाले, तर मोटारवाल्यांचा बहिष्कार! मग ते मुंबईहून बोटीने दासगावला उतरले आणि तिथून चालत महाडला गेले.

विरोधक कोर्टात गेले. म्हणाले, ‘अस्पृश्यां’ना तळं बंद ही तर फार जुनी चाल! पण तसं त्यांना सिद्धच करता आलं नाही. १७ मार्च १९३७ला हायकोर्टाने बाबासाहेबांच्या बाजूने निकाल दिला.