विश्लेषण : जुन्या एकनळी बंदुकीचा सुटा भाग हवाय? आधी बंदुकीची ओळख पटवा; खुणा कुठे असतात, कायदा काय सांगतो?

रानडुक्कर आणि रोह्यांपासून पीक वाचवण्यासाठी विदर्भातील अनेक शेतकरी कुटुंबांनी एकेकाळी बंदुकीचे परवाने घेतले होते. त्यातल्या काही बंदुका आता आजोबांकडून नातवाकडे आल्या आहेत. सिंदी मेघेसारख्या, वर्धा शहराला लागून वाढलेल्या वस्तीत राहायला आलेल्या घरातही अशी एखादी बारा बोअर कपाटात असू शकते. तिची स्प्रिंग तुटली किंवा फायरिंग पिन झिजली, तर पहिला प्रश्न पडतो : हा भाग मिळणार कुठे? पण त्याआधीचा प्रश्न जास्त महत्त्वाचा आहे. ही बंदूक नेमकी कोणती?

परवान्यावरच्या अक्षरांचा अर्थ काय?

परवान्यावर 'एसबीबीएल' असेल तर ती सिंगल बॅरल ब्रीच लोडिंग, म्हणजे मागून काडतूस भरायची एकनळी बंदूक. 'एसबीएमएल' असेल तर ती नळीच्या तोंडातून दारू भरायची, आपल्याकडे ठासणीची किंवा भरमार म्हणतात ती. दुनळीसाठी 'डीबीबीएल' लिहितात.

'बारा बोअर' हा आकडा कुठून आला? नळीत नेमकी बसेल अशी शिशाची गोळी घेतली आणि अशा बारा गोळ्यांचे वजन एक पौंड भरले, तर ती बारा बोअर. तिचा व्यास साधारण १८.५ मिलिमीटर असतो. म्हणूनच सोळा बोअरची नळी बारापेक्षा बारीक असते. '.४१०' हा मात्र अपवाद आहे, तो थेट इंचातला व्यास आहे.

नळीवरचे नाव म्हणजे बनवणारी कंपनी का?

दरवेळी नाही, आणि सर्वाधिक फसगत इथेच होते. कोलकात्याच्या 'आर. बी. रोडा' किंवा 'मँटन' यांसारख्या जुन्या विक्रेत्यांची नावे नळीवर कोरलेली दिसतात. बंदूक मात्र बर्मिंगहॅमच्या कारखान्यात तयार झालेली असू शकते. अमेरिकी एकनळी बंदुकांवरही अनेकदा दुकानदाराचेच नाव असायचे. त्यामुळे केवळ नाव सांगून भाग मागवला तर चुकीचा भाग हाती येण्याची शक्यता मोठी.

मग खरी ओळख कुठे सापडते?

नळी उघडल्यावर तिच्या मागच्या भागाच्या खालच्या बाजूला बारीक ठसे दिसतात. नळी चाचणीत उतरल्याचा तो पुरावा असतो. त्यांना प्रूफ मार्क म्हणतात.

• मुकुट आणि त्याखाली 'बीएनपी' : बर्मिंगहॅमची चाचणी, १९५० च्या दशकाच्या मध्यानंतरची.
• 'नॉट फॉर बॉल' : इंग्लंडमध्ये साधारण १८७५ ते १८८७ या काळात चोक असलेल्या, म्हणजे तोंडाशी किंचित निमुळत्या नळ्यांवर मारलेला ठसा.
• लंबगोलात 'ईएलजी' : बेल्जियममधील लिएज शहराची चाचणी.
• 'नायट्रो' उल्लेख किंवा तत्सम खूण : धूररहित दारूच्या काडतुसासाठी चाचणी झालेली नळी. ही खूण नसेल तर आजचे काडतूस तिच्यात वापरणे धोक्याचे.

आतला कप्पा, म्हणजे चेंबर, किती लांब आहे तेही बघावे लागते. जुन्या इंग्रजी बंदुकांत तो बहुधा ६५ मिलिमीटरचा असतो आणि आजची बरीच काडतुसे ७० मिलिमीटरची. काडतुसाची ही लांबी बार उडाल्यानंतरची, म्हणजे तोंड उलगडल्यावरची असते. त्यामुळे लांब काडतूस आखूड कप्प्यात आरामात बसते. बार उडताना मात्र त्याच्या तोंडाला पुरते उलगडायला जागा मिळत नाही आणि नळीतला दाब वाढतो.

एका बंदुकीचा भाग दुसरीला का बसत नाही?

जुन्या बंदुकांचे बरेच भाग कानस लावून, हाताने जुळवलेले असत. त्यामुळे त्याच कंपनीच्या दोन बंदुकांतली पिनसुद्धा अदलाबदल होईलच असे नाही. कारागिराला साधारण एवढी माहिती लागते :

• नळी उघडायची कळ वर आहे, बाजूला की खाली?
• घोडा बाहेर दिसतो की आत लपलेला आहे?
• बंदूक बिजागरीवर मोडते, की ग्रीनरच्या 'जीपी'सारखी मार्टिनी पद्धतीची, म्हणजे खालच्या दांड्याने ठोकळा हलवणारी आहे?
• स्प्रिंग चपटी 'व्ही' आकाराची आहे की गुंडाळीची?
• नळी, बॉडी आणि पुढच्या लाकडी भागाखालच्या लोखंडावर क्रमांक आहेत का? असल्यास एकच आहेत का? क्रमांक वेगळे असतील तर एखादा भाग पूर्वी बदलला गेला असण्याची शक्यता असते.

प्रत्येक खुणेचा आणि भागाचा फोटो शेजारी फूटपट्टी ठेवून काढा. गंज काढायला पॉलिश पेपर मात्र लावू नका. खुणा पुसल्या की ओळखही जाते. शिवाय ओळखक्रमांक मिटवणे किंवा बदलणे हा शस्त्र कायद्याच्या कलम ८ नुसार गुन्हा आहे.

सुटा भाग ऑनलाइन मागवता येतो का?

इथे थांबा. शस्त्र कायदा, १९५९ मधील व्याख्येत 'शस्त्र' या शब्दात शस्त्राचे भागही येतात. त्यामुळे समाजमाध्यमावरच्या अनोळखी माणसाकडून पिन किंवा घोडा मागवणे म्हणजे मोटारसायकलचा स्पेअर घेणे नव्हे. व्यवसाय म्हणून दुरुस्ती करायलाही स्वतंत्र परवाना लागतो. विनापरवाना दुरुस्तीसाठी २०१९ च्या दुरुस्तीनंतर किमान सात वर्षे ते जन्मठेप इतकी शिक्षा आहे. नळी कापून आखूड करण्यालाही तीच शिक्षा. म्हणून गावच्या लोहाराकडे किंवा वेल्डिंगच्या दुकानात बंदूक नेऊ नका. परवानाधारक शस्त्रविक्रेता किंवा दुरुस्तीकार, हाच रस्ता.

परवानाधारक हयात नसेल तर?

आधी कागद, मग दुरुस्ती. परवानाधारकाच्या मृत्यूनंतर बंदूक विनाविलंब जवळच्या पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करावी लागते. शस्त्र नियम, २०१६ नुसार कायदेशीर वारस आपल्या नावे परवान्यासाठी अर्ज करू शकतो. धारकाच्या हयातीतही, त्याने वयाची ७० वर्षे पूर्ण केल्यावर किंवा शस्त्र २५ वर्षे बाळगल्यावर, वारसाला ही सोय आहे. वर्ध्यात हा अर्ज जिल्हाधिकारी कार्यालयाकडे जातो. २०१९ पासून एका व्यक्तीला जास्तीत जास्त दोन बंदुका ठेवता येतात आणि परवान्याची मुदत पाच वर्षांची आहे.

लक्षात ठेवा

• बंदूक रिकामी आहे असे कधीही गृहीत धरू नका. ठासणीच्या बंदुकीत जुना बार भरलेला असला तरी मागून दिसत नाही. ती स्वतः तपासू नका.
• परवाना आणि क्रमांकाचे फोटो व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकू नका.
• परवान्याची मुदत संपली असेल तर बंदूक घेऊन दुकानात जाऊ नका. आधी पोलीस ठाण्यात विचारा.
• नळीवर 'नायट्रो'ची खूण सापडली नाही, तर सुटा भाग मिळाला तरी ती बंदूक चालवण्याजोगी होत नाही. ती आठवण म्हणून ठेवायची असली, तर परवाना लागतो का, हे आधी पोलीस ठाण्यात विचारा.